निवडून आलेले नेते लोकशाही आतून कशी पोखरतात : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंदूर आणि आसपासच्या मराठी वाचकांकडून या विषयावर सारखे येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. सोप्यापासून सुरुवात केली आहे, अडचणीचे प्रश्न पुढे आहेत. उदाहरणं ज्या देशातली, ज्या सरकारच्या काळातली आहेत, ती तशीच दिली आहेत. त्यात सगळ्या रंगांचे पक्ष आहेत.

१. सरकार आपणच मतं देऊन आणलं. मग ते लोकशाही कमकुवत करतंय असं म्हणताच कसं येईल?

मत देऊन आपण पाच वर्षांसाठी कारभार सोपवतो, सातबारा नावावर करून देत नाही. पुढच्या निवडणुकीत हेच सरकार हरू शकतं, आणि हरलं तर मुकाट्याने खुर्ची सोडतं, या दोन गोष्टी शाबूत असतील तरच पहिल्या मताला अर्थ राहतो. म्हणून ‘सरकार कसं आलं?’ या प्रश्नाइतकाच ‘सरकार जाऊ शकतं का?’ हा प्रश्न महत्त्वाचा आहे.

आपल्याजवळच्याच महूमध्ये जन्मलेल्या डॉ. आंबेडकरांनी ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत मसुदा मांडताना हा धोका नेमका सांगितला होता. घटनेचा एक शब्दही न बदलता, नुसतं प्रशासनाचं रूप बदलून घटना विकृत करता येते, असं ते म्हणाले. आपल्या घटनेत प्रशासनाचे इतके बारीक तपशील का घातले, याचं कारण देताना त्यांनी हे सांगितलं. नियम पुस्तकात तसाच ठेवून तो राबवणारा माणूस बदलला, की काम झालं.

२. लष्करी बंडात आणि यात फरक काय?

बंडाला तारीख असते. पेरूमध्ये १९९० साली निवडून आलेले अध्यक्ष फुजिमोरी यांनी ५ एप्रिल १९९२ रोजी लष्कराच्या मदतीने संसद बंद केली. त्या दिवशी काय झालं हे सगळ्यांना कळलं. हळूहळू होणाऱ्या पोखरणीत असा दिवस सापडत नाही. प्रत्येक पाऊल लहान असतं, बहुतेक वेळा कायद्यात बसतं आणि त्याला पटेल असं कारण दिलेलं असतं. विरोध करणारा माणूस त्या त्या वेळी कांगावखोर वाटतो, आणि तो कांगावखोर नव्हता हे समजेपर्यंत दाद मागायची जागा उरलेली नसते.

३. हे साधारण कोणत्या क्रमाने होतं?

आधी पंच, म्हणजे न्यायालयं आणि निवडणूक आयोगासारख्या संस्था, ताब्यात घ्यायचे, मग खेळाचे नियम बदलायचे, मग समोरच्या संघाला मैदानात येणं अवघड करायचं. क्रम पुढेमागे होतो, पण पंच बहुधा पहिले असतात, कारण पुढच्या दोन्ही गोष्टींना आक्षेप घ्यायचा तो त्यांच्याकडेच.

हंगेरीचं उदाहरण नीट पाहण्यासारखं आहे. २०१० मध्ये फिडेस या पक्षाच्या आघाडीला सुमारे ५३ टक्के मतं मिळाली. निवडणूक पद्धतीमुळे त्यांच्या ३८६ पैकी २६३ जागा झाल्या, म्हणजे दोन तृतीयांशांहून जास्त. तिथे तेवढ्यावर घटना बदलता येते. मग घटना न्यायालयाचे न्यायाधीश ११ वरून १५ केले आणि त्यांची नावं सुचवायची पद्धत बदलली. माध्यमांवर देखरेख करणाऱ्या मंडळावर नऊ वर्षांच्या मुदतीने माणसं नेमली. सरकारची मुदत चार वर्षं आणि नेमणूक नऊ वर्षांची, हा हिशेब लक्षात घ्या : निवडणूक हरली तरी आपला माणूस मागे राहतो. १ जानेवारी २०१२ पासून नवी घटना लागू झाली. संसदेच्या जागा ३८६ वरून १९९ केल्या, मतदारसंघ नव्याने आखले. २०१४ मध्ये याच आघाडीला सुमारे ४५ टक्के मतं पडली, म्हणजे आधीपेक्षा कमी. जागा आल्या १३३. १९९ मध्ये दोन तृतीयांश व्हायला नेमक्या १३३ लागतात.

यात कुठेही मतपेटी पळवलेली नाही. मतमोजणी होण्याच्या कितीतरी आधी निकालाला उतार दिलेला आहे.

४. न्यायाधीशांचं निवृत्तीचं वय बदललं तर एवढं काय बिघडतं? आमच्याकडे तर शिक्षकांचंही बदलतं.

वय हळूहळू, सगळ्यांना सारखं आणि पुढच्या तारखेपासून बदललं तर काही बिघडत नाही. हंगेरीत ते ७० वरून एकदम ६२ वर आणलं, त्यामुळे ज्येष्ठ न्यायाधीश एकगठ्ठा घरी गेले आणि त्यांच्या जागा भरायचा अधिकार ज्यांच्याकडे होता त्यांचं काम सोपं झालं. युरोपीय न्यायालयाने नोव्हेंबर २०१२ मध्ये हे बेकायदा ठरवलं. तोवर बहुतेक जागा भरून झाल्या होत्या. पोलंडने २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयासाठी हेच केलं, ७० चं ६५. युरोपीय न्यायालयाने २०१९ मध्ये तेही अवैध ठरवलं.

आपल्याकडे वय न बदलता ज्येष्ठता डावलून तोच परिणाम साधला गेला. २४ एप्रिल १९७३ रोजी केशवानंद भारती खटल्यात १३ न्यायाधीशांनी ७ विरुद्ध ६ असा निकाल दिला की संसदेला घटनेची मूळ चौकट मोडता येणार नाही. लगेच, शेलाट, हेगडे आणि ग्रोवर या तीन ज्येष्ठ न्यायमूर्तींना ओलांडून ए. एन. रे यांना सरन्यायाधीश नेमलं. तिघांनी राजीनामे दिले. बाकीच्यांना जो संदेश जायचा तो गेला.

आणखी एक युक्ती आहे ती कमी ओळखीची : निकाल मान्य करायचा नाही आणि नाकारायचाही नाही. पोलंडमध्ये मार्च २०१६ मध्ये घटना न्यायालयाने सरकारविरुद्ध निकाल दिला. सरकारने तो दोन वर्षं राजपत्रात छापलाच नाही.

५. १९७५ ची आणीबाणी ‘कायद्याने’ लावली होती असं म्हणतात. खरं आहे का?

कागदावर पाहिलं तर बहुतांश हो, आणि म्हणूनच ती या विषयातला सगळ्यात मोठा धडा आहे.

१२ जून १९७५ रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाने इंदिरा गांधींची निवडणूक रद्द केली. २४ जूनला सर्वोच्च न्यायालयाने सशर्त स्थगिती दिली. २५ जूनच्या रात्री राष्ट्रपतींनी घटनेच्या ३५२ व्या कलमाखाली ‘अंतर्गत अशांतता’ या कारणासाठी आणीबाणीवर सही केली. मंत्रिमंडळाला कळलं ते २६ च्या सकाळी. आता ऑगस्टमधले दिवस मोजा. पंतप्रधानांची निवडणूक न्यायालयाच्या कक्षेबाहेर नेणारी ३९ वी घटनादुरुस्ती ७ तारखेला लोकसभेत मंजूर झाली, ८ ला राज्यसभेत, १० ला राष्ट्रपतींची संमती. पंतप्रधानांच्या अपिलाची सुनावणी ११ ऑगस्टला होती. त्याच महिन्यात निवडणूक कायदाही पूर्वलक्षी प्रभावाने बदलला. न्यायालयाने नोव्हेंबरमध्ये ३९ व्या दुरुस्तीतलं ते कलम रद्द केलं, पण बदललेल्या निवडणूक कायद्याच्या आधारे निवडणूक वैध ठरली.

मार्च १९७६ मध्ये संपणारी लोकसभेची मुदत वाढवली गेली, आणि ४२ व्या घटनादुरुस्तीने ती पाचाची सहा वर्षं केली. ज्यांची मुदत संपत होती त्यांनीच स्वतःला मुदतवाढ दिली.

आपल्या मध्य प्रदेशाचा यात थेट संबंध आहे. ‘एडीएम जबलपूर विरुद्ध शिवकांत शुक्ल’ या खटल्यात प्रश्न असा होता : आणीबाणीत एखाद्याला विनाचौकशी कोंडलं तर तो न्यायालयात जाऊ शकतो का? जबलपूरसह नऊ उच्च न्यायालयांनी ‘हो’ म्हटलं होतं. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ४ विरुद्ध १ अशा मतांनी ‘नाही’ म्हटलं. तो एक म्हणजे न्या. एच. आर. खन्ना. जानेवारी १९७७ मध्ये त्यांना डावलून न्या. बेग यांना सरन्यायाधीश केलं, खन्नांनी राजीनामा दिला. बहुमतात न्या. यशवंत चंद्रचूड होते. २४ ऑगस्ट २०१७ रोजी खासगीपणाच्या अधिकारावरच्या निकालात त्यांचे चिरंजीव न्या. धनंजय चंद्रचूड यांनी तो निर्णय चुकीचा म्हणून मोडीत काढला. एकेचाळीस वर्षं लागली. आणीबाणीत एक लाखाहून अधिक माणसं कोठडीत गेली, त्यांना या दुरुस्तीचा काही उपयोग नव्हता.

६. आज पुन्हा तशी आणीबाणी लावता येईल का?

तितक्या सहज नाही. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने ‘अंतर्गत अशांतता’ हे शब्द काढून ‘सशस्त्र बंड’ घातले. मंत्रिमंडळाचा निर्णय लेखी लागतो. एका महिन्यात दोन्ही सभागृहांची विशेष बहुमताने मंजुरी लागते आणि दर सहा महिन्यांनी ती नव्याने घ्यावी लागते. जीविताचा व व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क, म्हणजे २१ वं कलम, आणीबाणीतही निलंबित करता येत नाही. लोकसभेची मुदतही पुन्हा पाच वर्षं झाली.

पण आज कुणाला आणीबाणी जाहीर करायची गरजच पडत नाही. जाहीर केली की जग जागं होतं. प्रश्न ३ मधला मार्ग स्वस्त पडतो.

७. वटहुकूम काढणं हा घटनेनेच दिलेला अधिकार आहे. त्यात वावगं काय?

वटहुकूम अधिवेशन चालू नसताना तातडीच्या कामासाठी आहे. अधिवेशन सुरू झाल्यापासून सहा आठवड्यांत तो कायद्यात बदलला नाही तर संपतो. गडबड होते ती तोच वटहुकूम पुन्हा पुन्हा काढला की. पुण्याच्या गोखले संस्थेतले अर्थशास्त्राचे प्राध्यापक डी. सी. वाधवा यांनी बिहारची राजपत्रं चाळून दाखवलं की १९६७ ते १९८१ या काळात तिथे २५६ वटहुकूम असे जिवंत ठेवले होते, काही तर चौदा वर्षांपर्यंत. ते स्वतः सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९८६ मध्ये न्यायालयाने ही प्रथा घटनेशी प्रतारणा ठरवली.

बिहार सरकारने काही दडवलं नव्हतं. सगळं छापील राजपत्रात होतं, फक्त ओळीने वाचून मोजणारं कुणी नव्हतं.

८. इंदूर महापालिकेत अडीच वर्षं पार्षदच नव्हते. हाही त्यातलाच प्रकार का?

कारणं खरी होती, परिणाम मात्र तोच झाला. घटनेचं २४३-यू कलम सांगतं की नगरपालिकेची मुदत पाच वर्षं, आणि ती संपण्याआधी निवडणूक पूर्ण झाली पाहिजे. इंदूरच्या परिषदेची मुदत २०२० च्या सुरुवातीला संपली. मग करोना, वॉर्डांची फेररचना, ओबीसी आरक्षणाचा वाद. १० मे २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राज्य निवडणूक आयोगाला दोन आठवड्यांत अधिसूचना काढायला सांगितलं तेव्हा कुठे ६ जुलैला इंदुरात मतदान झालं. तोवर ८५ वॉर्डांचा कारभार प्रशासकाच्या हाती. नाली तुंबली तर तक्रार करता येत होती, पण अर्थसंकल्पावर सभागृहात उभं राहून ‘हे का?’ विचारणारं कुणी नव्हतं. मुंबईत हेच अधिक लांबलं : तिथल्या महापालिकेची मुदत ७ मार्च २०२२ रोजी संपली आणि पुढचं मतदान थेट जानेवारी २०२६ मध्ये झालं.

याच काळात महापौर कसा निवडायचा हेही दोनदा बदललं. २०१९ मध्ये काँग्रेस सरकारने वटहुकूम काढून थेट निवडणुकीऐवजी पार्षदांतून महापौर निवडायचं ठरवलं. २०२२ मध्ये भाजप सरकारने वटहुकमानेच थेट निवडणूक परत आणली. दोन्ही पद्धती लोकशाहीत चालतात. खटकतं ते हे, की निवडणूक तोंडावर आली की सत्तेतला पक्ष आपल्याला सोयीची पद्धत निवडतो. आमच्या मते असा बदल पुढच्याच्या पुढच्या निवडणुकीपासून लागू व्हावा. मग सोयीचा प्रश्नच उरणार नाही.

९. २०२४ मध्ये इंदुरात नोटाला दोन लाखांवर मतं पडली. निवडणूक रद्द का झाली नाही?

कारण नोटाला मोजलं जातं, पण त्याचा निकालावर काही परिणाम होत नाही. २९ एप्रिल २०२४ रोजी, अर्ज मागे घेण्याच्या शेवटच्या दिवशी, काँग्रेसच्या उमेदवाराने अर्ज मागे घेतला. १३ मेच्या मतदानात नोटाला २,१८,६७४ मतं पडली आणि भाजपचा उमेदवार ११,७५,०९२ मतांच्या फरकाने विजयी झाला. नोटाला सगळ्यात जास्त मतं पडली असती तरी खालच्या क्रमांकाचा उमेदवारच निवडून आला असता.

त्याच निवडणुकीत सुरतमध्ये एकच उमेदवार उरला आणि २२ एप्रिलला तो बिनविरोध जाहीर झाला. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या ५३ व्या कलमात तसंच आहे : जागा एक, उमेदवार एक, तर मतदान नाही. तिथे नोटाचं बटण दाबायचीही संधी मिळाली नाही.

अर्ज मागे घेणं कायदेशीर आहे. पण मतदाराच्या बाजूने पाहा. पंचवीस लाखांच्या मतदारसंघात मुख्य विरोधी पक्षाचं चिन्हच यंत्रावर नाही. महाराष्ट्राच्या राज्य निवडणूक आयोगाने २०१८ मध्ये स्थानिक निवडणुकांसाठी नियम केला की नोटाला सर्वाधिक मतं पडली तर फेरमतदान घ्यायचं. लोकसभा-विधानसभेला असा नियम नाही. तो मागणं हे कोणत्याही पक्षाच्या मतदाराचं काम आहे.

१०. पक्षांतरबंदी कायदा असताना आमदार फुटतात कसे?

तीन वाटा आहेत.

पहिली, राजीनामा. मार्च २०२० मध्ये मध्य प्रदेशात काँग्रेसच्या २२ आमदारांनी राजीनामे दिले. सभागृहाची संख्याच कमी झाली, बहुमताचा आकडा खाली आला, आणि २० मार्चला कमलनाथ सरकार गेलं. हे पक्षांतर नव्हे, म्हणून कायदा लागत नाही. पुढे पोटनिवडणूक लढवता येते. दुसरी, विलीनीकरण : १९८५ च्या मूळ कायद्यात एक तृतीयांश आमदारांच्या फुटीला सूट होती, ती २००३ च्या ९१ व्या दुरुस्तीने काढली, पण दोन तृतीयांशांच्या विलीनीकरणाची सूट राहिली. तिसरी सगळ्यात साधी : निर्णय विधानसभा अध्यक्षांकडे असतो आणि ते तो देतच नाहीत. जानेवारी २०२० मध्ये मणिपूरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने साधारण तीन महिन्यांत निर्णय द्यावा असं सांगितलं. तरी अध्यक्ष सत्ताधारी पक्षाचेच असतात, आणि कुंपणच शेत खाऊ लागलं तर राखणार कोण?

११. निवडणूक आयुक्त सरकारनेच नेमले तर बिघडलं काय? पूर्वीही तेच नेमत होते.

बरोबर, १९५० पासून सरकारच नेमत आलं आहे, कोणत्याही पक्षाचं असो. २ मार्च २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की संसद कायदा करेपर्यंत पंतप्रधान, लोकसभेतले विरोधी पक्षनेते आणि सरन्यायाधीश यांच्या समितीने नावं सुचवावीत. डिसेंबर २०२३ मध्ये संसदेने कायदा केला आणि सरन्यायाधीशांच्या जागी पंतप्रधानांनी नेमलेला केंद्रीय मंत्री आला. म्हणजे विरोधी पक्षनेता आता आत आहे, ही जुन्या पद्धतीपेक्षा सुधारणा. पण तिघांत दोन मतं सरकारचीच, म्हणून त्याचं मत नोंदीपुरतं. पंच चांगला निघेलही. चांगला निघणं त्या माणसाच्या भल्या स्वभावावर सोडलं आहे, एवढीच आमची तक्रार आहे.

१२. माझं नाव मतदार यादीतून कापलं गेलं. आता?

रागाने फेसबुकवर लिहिण्याआधी हे करा, कारण यात दिवस मोजले जातात.

मतदार सेवा पोर्टलवर किंवा १९५० या क्रमांकावर आधी खात्री करा. नाव दुसऱ्या भागात, दुसऱ्या स्पेलिंगने असू शकतं. ‘कुलकर्णी’ आणि ‘देशपांडे’ हिंदीत लिहिताना बिघडतात हे नेहमीचं आहे. चूक दुरुस्त करायची किंवा पत्ता बदलायचा तर फॉर्म ८, नव्याने नाव घालायचं तर फॉर्म ६. नाव कुणाच्या आक्षेपावरून गेलं असेल तर तो आक्षेप फॉर्म ७ वर असतो. त्याची प्रत आणि तुम्हाला नोटीस कधी दिली याची नोंद मतदार नोंदणी अधिकाऱ्याकडे लेखी मागा. नोटीस न देता, म्हणणं न ऐकता नाव काढणं नियमात बसत नाही. निर्णय विरुद्ध गेला तर १५ दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे पहिलं अपील, तिथेही नाही झालं तर ३० दिवसांत राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांकडे दुसरं.

दोन गोष्टी बहुतेकांच्या लक्षात येत नाहीत. उमेदवारी अर्जाच्या शेवटच्या तारखेनंतर यादीत नाव घालता येत नाही, म्हणून प्रचार सुरू झाल्यावर धावपळ करून उपयोग नसतो. आणि महापालिकेची यादी राज्य निवडणूक आयोगाची वेगळी असते. विधानसभेला मत दिलं म्हणून पार्षदाच्या निवडणुकीत नाव असेलच असं नाही. आजी-आजोबांची नावंही तुम्हीच तपासा. बीएलओ (यादी तपासायला घरोघर फिरणारा निवडणूक कर्मचारी) घरी येऊन गेला आणि दार बंद होतं, एवढ्यावर बरीच नावं जातात.

१३. मतदानाच्या दिवशी यंत्रावर विश्वास ठेवायचा की नाही? सामान्य माणसाने काय पाहायचं?

यंत्रापेक्षा कागदाकडे लक्ष द्या. मत दिल्यावर व्हीव्हीपॅटच्या काचेत चिठ्ठी सात सेकंद दिसते, ती वाचा. मतदान सुरू होण्याआधी उमेदवारांच्या प्रतिनिधींसमोर निदान ५० मतांची चाचणी होते. प्रतिनिधी वेळेवर पोचलाच नाही तर ती त्याच्याशिवाय उरकते. संध्याकाळी मतदान बंद झाल्यावर केंद्राध्यक्ष फॉर्म १७-सी भरतो : किती मतं नोंदली, यंत्रांचे क्रमांक, सीलचे क्रमांक. त्याची सही केलेली प्रत हजर प्रतिनिधीला मिळते. मतमोजणीच्या दिवशी त्या यंत्राचा एकूण आकडा याच कागदाशी ताडायचा असतो.

चुकतं कुठे? प्रतिनिधी चारला चहा प्यायला जातो तो परत येत नाही. प्रत न घेता घरी गेलेल्या माणसाला नंतर आरडाओरडा करता येतो, पुरावा देता येत नाही. निकालावर आक्षेप असेल तर ४५ दिवसांच्या आत उच्च न्यायालयात निवडणूक याचिका करावी लागते. ती उमेदवारच नव्हे, त्या मतदारसंघातला मतदारही करू शकतो.

१४. वर्तमानपत्रं बंद तर कुणी केलेली नाहीत. मग माध्यमं दबली आहेत असं का म्हणतात?

सेन्सॉर बसवायचा काळ गेला, आता मालक गाठतात. हंगेरीत नोव्हेंबर २०१८ मध्ये सरकारला अनुकूल मालकांनी चारशेहून अधिक वृत्तपत्रं, वाहिन्या आणि संकेतस्थळं एका प्रतिष्ठानाला ‘दान’ दिली. व्हेनेझुएलात २००७ मध्ये एका मोठ्या वाहिनीचा परवाना फक्त नूतनीकरण न करता संपू दिला. पेरूमध्ये फुजिमोरींच्या गुप्तचर प्रमुखाने लाच देतानाचं चित्रीकरण करून ठेवलं होतं. २००० मध्ये ते बाहेर आलं. न्यायाधीशांपेक्षा वाहिन्यांच्या मालकांना कितीतरी पट जास्त रक्कम मोजलेली निघाली. सत्तेला कशाची जास्त भीती वाटते, ते त्या रकमांवरून कळतं.

छोट्या गावातल्या पत्रासाठी सरकारी जाहिरात हा पगार असतो. ती थांबवायला कायदा लागत नाही.

१५. नेता खरंच चांगलं काम करतोय, लोक खूश आहेत. त्याला आणखी संधी दिली तर काय हरकत?

संधी मतपेटीतून द्या. मुदतीची अट काढून नको. मध्य अमेरिकेतल्या एल साल्वाडोरमध्ये अध्यक्ष बुकेले यांनी टोळ्यांचा बंदोबस्त केला, खून कमालीचे घटले, लोक मनापासून त्यांच्या मागे आहेत. हे खोटं नाही. आणि हेही खोटं नाही : १ मे २०२१ रोजी त्यांच्या बहुमताच्या संसदेने पहिल्याच दिवशी घटना पीठाचे पाचही न्यायाधीश आणि महाधिवक्ता काढले, नव्या न्यायाधीशांनी सलग दुसऱ्या मुदतीला परवानगी दिली, मार्च २०२२ मध्ये लावलेली आणीबाणी महिन्यामहिन्याने वाढत राहिली, ३१ जुलै २०२५ रोजी मुदतीची अटच गेली आणि अध्यक्षांची मुदत पाचाची सहा वर्षं झाली. तिथे निरपराध पकडला गेलेल्या मुलाच्या आईने आता कुणाकडे जायचं?

२५ नोव्हेंबर १९४९ च्या भाषणात आंबेडकरांनी बजावलं होतं की धर्मातली भक्ती आत्म्याला मोक्षाकडे नेत असेल, राजकारणातली भक्ती अधोगतीकडे आणि शेवटी हुकूमशाहीकडे नेते. थोर माणसाबद्दल कृतज्ञता बाळगायला त्यांची ना नव्हती; तिला मर्यादा असावी, एवढंच ते सांगत होते.

१६. विरोधात बसलेला प्रत्येक पक्ष ‘लोकशाही धोक्यात’ ओरडतो. खरं कधी समजायचं?

पक्षाचं नाव झाकून निर्णय वाचा. हाच अधिकार उद्या तुमच्या नावडत्या पक्षाच्या हाती गेला तर चालेल का? चालत नसेल तर आज आवडत्या पक्षाकडेही नको. मग पाहा : याने सरकारला हरवणं अवघड होतंय का, की फक्त एक धोरण बदलतंय? नोटाबंदी, शेती कायदे, आरक्षण हे धोरणाचे वाद. ते कितीही कडू असले तरी पुढचं सरकार उलटवू शकतं. आयुक्तांची नेमणूक, मतदारसंघांची आखणी, न्यायाधीशांच्या बदल्या, पक्षांच्या देणग्या हे पंच आणि नियम यांचे विषय. निवडणूक रोखे याच दुसऱ्या गटातले होते : मोठी देणगी कुणी दिली हे मतदाराला कळत नव्हतं, आणि १५ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांनी एकमताने ते रद्द केले.

रिकाम्या खुर्च्याही मोजा. २०१९ ते २०२४ ही संपूर्ण लोकसभा उपाध्यक्षाविना चालली, जरी घटनेचं ९३ वं कलम ‘शक्य तितक्या लवकर’ निवडा म्हणतं. कायदा मोडला असं कुणाला सिद्ध करता येत नाही, आणि पद तर भरलेलं नाही.

१७. एकदा घसरण सुरू झाली की परत फिरता येतं का?

येतं, आणि बहुतेक वेळा मोजक्या लोकांनी वेळेत आपलं काम केल्यामुळे येतं. श्रीलंकेत ऑक्टोबर २०१८ मध्ये अध्यक्षांनी पंतप्रधानांना काढलं आणि नोव्हेंबरमध्ये संसद बरखास्त केली. १३ डिसेंबरला सर्वोच्च न्यायालयाने ही बरखास्ती घटनाबाह्य ठरवली. दक्षिण कोरियात ३ डिसेंबर २०२४ च्या रात्री अध्यक्षांनी लष्करी कायदा जाहीर केला. काही तासांत १९० खासदार, काही तर कुंपणावरून उड्या मारून, सभागृहात पोचले आणि सगळ्यांनी तो रद्द करायला मत दिलं. त्यात अध्यक्षांच्या स्वतःच्या पक्षाचेही होते. इस्तंबूलमध्ये २०१९ मध्ये विरोधी उमेदवार सुमारे तेरा हजार मतांनी महापौर झाला. निवडणूक रद्द करून पुन्हा घेतली तर तो आठ लाखांनी जिंकला. पण तोच महापौर मार्च २०२५ मध्ये तुरुंगात गेला, म्हणजे एक विजय पुरत नाही.

पोलंडमध्ये ऑक्टोबर २०२३ ला सुमारे ७४ टक्के मतदान होऊन सरकार बदललं. तरी आधीच्यांनी नेमलेले न्यायाधीश जागेवर आहेत, आणि त्यांना घाईने काढायचं म्हटलं तर नवं सरकारही तीच चूक करतं. या पेचाला सोपं उत्तर नाही.

१८. निषेध म्हणून निवडणुकीवर बहिष्कार टाकला तर?

टाकू नका. व्हेनेझुएलात डिसेंबर २००५ मध्ये विरोधकांनी बहिष्कार टाकला आणि सगळी संसद अध्यक्ष चावेझ यांच्या बाजूला गेली. पुढची पाच वर्षं बहिष्कार टाकणाऱ्यांचा एकही माणूस संसदेत विरोधी मत नोंदवायला नव्हता. १९७७ मध्ये आपल्याकडे विरोधी नेते नुकतेच तुरुंगातून सुटले होते, पैसा नव्हता, पक्ष एकत्र यायचा होता, तरी ते लढले. काँग्रेस १५४ जागांवर आली आणि पंतप्रधान रायबरेलीत हरल्या.

१९. देशाचं सोडा, आमच्या संस्थेच्या कार्यकारिणीतच हे चाललंय. तेच अध्यक्ष पंधरा वर्षं. काय करता येईल?

हा प्रश्न इंदूर-ग्वाल्हेरच्या मराठी मंडळांतून जितका येतो तितका दुसरा कोणताही नाही, आणि पद्धत खरंच तीच असते : सभासद यादी चिटणिसांच्या घरी, वार्षिक सभेची सूचना गणपतीच्या धावपळीत, घटनादुरुस्ती ‘आयत्या वेळचे विषय’ मध्ये, विरोध करणाऱ्याची वर्गणी ‘वेळेत आली नाही’ म्हणून मताधिकार नाही.

पहिल्यांदा संस्थेच्या घटनेची नोंदणीकृत प्रत मिळवा. कार्यालयात नसेल तर ती फर्म्स व संस्था निबंधकांकडे असते. त्यात सभेची सूचना किती दिवस आधी, गणसंख्या किती आणि घटनादुरुस्तीला किती बहुमत लागतं, या तीन ओळींखाली रेघ मारा. वर्गणी रोख देऊ नका, बँकेतून भरा आणि पावती जपा. सभेच्या आधी लेखी पत्राने मागील इतिवृत्त, लेखापरीक्षित हिशेब आणि मतदार सभासदांची यादी मागा. पत्राच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. पोच द्यायला नकार दिला तर तेच पत्र टपालाने नोंदणी करून पाठवा. आणि सभेला चौघे-पाच जण मिळून जा, कारण इतिवृत्तात एकट्याचा आक्षेप ‘चर्चा झाली’ या दोन शब्दांत गडप होतो. आपला आक्षेप नावासकट लिहून घेतल्याशिवाय इतिवृत्त मंजूर करू नका.